ऐंशी हजारांचं घर

आम्ही दीक्षितपुऱ्यातल्या भाड्याच्या दोन खोल्या सोडून स्वतःच्या घरात राहायला आलो तेव्हा मी सातवीत होते आणि ताई दहावीत. सामान फार नव्हतंच. एका हातठेल्यावर दोन खेपांत सगळं आलं. आईच्या शिलाई मशीनचं मुंडकं मात्र बाबांनी सायकलच्या कॅरिअरला बांधून स्वतः आणलं, कारण ठेलेवाल्यावर त्यांचा भरवसा नव्हता. कॉलनी नवीन होती, शहराच्या अगदी टोकाला. रस्ता म्हणजे नुसता अंथरलेला मुरूम, आणि प्लॉटांच्या मधे मधे ते आपले जबलपूरचे काळे खडक, कुठे बैलाएवढे, कुठे खोलीएवढे. आमच्या मागच्या अंगणातही एक होता. बाबांनी तो फोडायला माणूस बोलावला. त्याने खडकाभोवती एक चक्कर मारून आकडा सांगितला, तेव्हा बाबा म्हणाले, "रहने दो भैया, ये हमसे पहले का है." पुढे कित्येक उन्हाळे आई त्या खडकावर जुनं धोतर पसरून कुरडया वाळवत असे.

घर म्हणजे दोन खोल्या, स्वयंपाकघर आणि मागे एक पडवी. पहिलं वर्षभर आतल्या भिंतींना गिलावा नव्हता, आणि हात टेकला की बोटांना सिमेंट लागायचं. वास्तुशांतीच्या दिवशी आईने वडाभात केला होता, आणि बाबांनी कमानिया गेटवरून खोव्याची जिलबी आणली होती, पानाच्या मोठ्या दोन्यात, पाक गळू नये म्हणून सायकल हाताने ढकलत. त्या दिवशी पाहुणे गेल्यावर बाबा मागच्या पडवीत खांबाला टेकून बसले आणि मला म्हणाले, "ऐक." मी कान दिला. काहीच नव्हतं. दीक्षितपुऱ्यात भिंतीपलीकडच्या बिऱ्हाडातल्या वरणाची फोडणीसुद्धा आमच्या घरात ऐकू यायची. नळावरची भांडणं, देवळातली घंटा, खालच्या दुकानदाराचं हिशेब सांगणं, हे सगळं आमच्या जेवणाबरोबर पोटात जायचं. इथे लांबून कुठूनतरी एक कुत्रं भुंकलं आणि थांबलं. बाबा हसले. माणूस आपली मिळकत पाहून हसतो तसे.

बाबा फॅक्टरीत तपासनीस होते. आमच्या शहरात 'फॅक्टरी' म्हटलं की कुठली हे सांगावं लागत नाही. सरकारी, संरक्षण खात्याची, निम्म्या शहराला पोसणारी. तिथे तयार झालेला लोखंडी भाग मापाच्या उपकरणात धरायचा आणि केसाच्या दहाव्या हिश्शाइतकाही फरक निघाला तर बाजूला टाकायचा, हे त्यांचं काम. लांब टेबलं, वर ट्यूबलाइट, आणि कुणी कुणाशी फार बोलायचं नाही. ती सवय त्यांनी घरी आणली होती. भिंतीवर खिळा ठोकायचा तरी आधी पट्टी, मग पेन्सिल, मग खिळा. अशा माणसाकडून आकड्यांत चूक होईल, असं आमच्यापैकी कुणाला स्वप्नातही वाटलं नसतं.

घर उभं राहिलं होतं ऐंशी हजारांच्या कर्जावर. प्लॉट फंडातल्या पैशांतून आला होता. बांधकामासाठी बाबांनी घरांना कर्ज देणाऱ्या एका कंपनीकडून पैसे घेतले, चौदा टक्क्यांनी, मुदत वीस वर्षं, हप्ता महिन्याला एक हजार सात रुपये. ते वरचे सात कशाचे, हे घरात कुणालाच माहीत नव्हतं, पण आई ते सुटे सात रुपये हळदीकुंकवाच्या कोयरीशेजारी एका वाटीत महिनाभर आधीच जमवून ठेवायची. पगार झाला की बाबा हप्ता भरून येत आणि वहीत एक ओळ लिहीत. त्यांचा हिशेब साधा होता. ऐंशी हजारांवर चौदा टक्के म्हणजे अकरा हजार दोनशे. एकूण देणं एक्क्याण्णव हजार दोनशे. त्यातून दर महिन्याला एक हजार सात वजा. म्हणजे साडेसात वर्षांत घर मोकळं. वीस वर्षं ही त्यांच्या मते शेवटची सीमा होती, त्याच्या आत कधीही फेडा. करारनाम्याची अकरा पानं इंग्रजीत होती. बाबांना इंग्रजी येत होतं ते मापांपुरतं. त्यांनी प्रत्येक पानावर सुवाच्य सही केली होती.

त्या साडेसात वर्षांवर आमचं घर चालायचं. हजार रुपये म्हणजे तेव्हाच्या पगारातला तिसरा हिस्सा. हिवाळ्यात जबलपुरात मटार मातीमोलाने मिळतो, तेव्हा दोन महिने आम्ही मटारच खायचो. उसळ, भात, कचोऱ्या, आणि ताजे दाणे संपले की सालांची भाजीसुद्धा. पावसाळ्यात बेसनाचे दिवस येत, एक दिवस झुणका, एक दिवस पातोडी. दूध लिटरवरून अर्ध्या लिटरवर आलं. आई शेजारणींचे ब्लाउज शिवायची, आणि तिच्या मशीनची खडखड सुरू झाली की मला अभ्यासाला बसल्यासारखं वाटायचं. पण कुरकुर कुणी करत नव्हतं, कारण शेवट दिसत होता. दर दिवाळीला बाबा पाटावरून उठता उठता आकडा सांगायचे, "आता इतके राहिले." आईचं 'कर्ज फिटलं की' असं म्हणून एक लांबलचक खातं तयार झालं होतं. कर्ज फिटलं की फरशी. कर्ज फिटलं की एक फ्रीज. कर्ज फिटलं की नागपूरला मामाकडे महिनाभर, येण्याची घाई नाही.

परवा माझी भाची पुण्याहून आली होती. तिने तिथे फ्लॅट घेतलाय. मोबाइल पुढे करून म्हणाली, "मावशी, बघ ना, हप्ता तेवढा जड नाही, आम्ही पंचवीस वर्षांचा करून घेतला." मी विचारलं, "एकूण किती जाणार?" तिने खांदे उडवले. "सगळेच भरतात गं." मला तिला जे सांगायचं होतं ते इथे लिहिते आहे.

मी अकरावीत होते, एप्रिल सुरू होता, परीक्षा संपली होती. आईने मला पत्र्याची पेटी आवरायला बसवलं. दर वर्षी या दिवसांत कर्जाच्या कंपनीकडून एक खाकी पाकीट यायचं. त्यातला एक कागद बाबा फॅक्टरीच्या ऑफिसात द्यायला काढून घेत आणि दुसरा तसाच पेटीत टाकत. असे चार कागद मला सापडले. इंग्रजीचा सराव म्हणून मी ते मोठ्याने वाचायला लागले. प्रत्येकावर खाली एक ओळ होती, मुद्दल शिल्लक. पहिल्यावर एकोणऐंशी हजार एकशे सोळा. मग अठ्ठ्याहत्तर हजार एकशे आठ. मग शहात्तर हजार नऊशे एकोणसाठ. आणि त्याच आठवड्यात आलेल्या कागदावर पंच्याहत्तर हजार सहाशे पन्नास.

मी बाबांची वही काढली. वहीत शिल्लक होते बेचाळीस हजार आठशे चौसष्ट.

बाबा साडेपाचला आले. त्यांनी सायकल लावेपर्यंतही मला दम निघाला नाही. ते चपला काढत असतानाच मी चारही कागद पुढे धरले. त्यांनी ते एकेक करून पाहिले आणि म्हणाले, "हे दुसरंच काही असेल, बेटा. व्याज धरून लिहिलं असेल."

"नाही बाबा, इथे मुद्दल लिहिलंय."

"मग त्यांची चूक आहे."

आईने स्वयंपाकघरातून विचारलं, "काय झालं? काहून एवढं बोलून राहिले?" बाबा म्हणाले, "काही नाही. मंजू इंग्रजी वाचून राहिली."

पण शनिवारी त्यांनी अर्धा दिवस रजा घेतली आणि मला सायकलवर मागे बसवून त्या ऑफिसात नेलं. मला काहून नेलं ते तेव्हा कळलं नाही. बहुतेक त्यांना एकट्याला ते ऐकायचं नव्हतं. तिथे दुबेजी म्हणून एक वयस्क कारकून होते, चष्म्याला दोरी बांधलेले. त्यांनी बाबांना बसायला खुर्ची दिली आणि मलाही दिली. बाबांनी वही उघडून दाखवली. दुबेजींनी ती वही अगदी नीट, पानं उलटत पाहिली. ते हसले नाहीत, याबद्दल मी आजही त्यांची आभारी आहे.

"भाईसाहब," ते म्हणाले, "आप जो साल भर भरते हो, उसमें से पहले पूरे साल का ब्याज जाता है. जो बचा, वो मूल में."

"तो कितना बचता है?"

दुबेजींनी मोठं रजिस्टर ओढलं आणि बोट ठेवलं. "पहले साल, आठ सौ चौरासी रुपये."

"महीने के?"

"नहीं भाईसाहब. पूरे साल के."

बाबांनी त्या बोटाकडे पाहिलं. चार वर्षांत त्यांनी अठ्ठेचाळीस हजार तीनशे छत्तीस रुपये भरले होते. माझ्या डोक्यात तो गुणाकार आपोआप झाला होता. त्यातले फिटले होते चार हजार तीनशे पन्नास. पंखा फिरत होता आणि बाबांच्या वहीची पानं उडत होती. त्यांनी ती हाताने दाबून धरली होती.

"और ये बीस साल…" बाबा म्हणाले.

"बीस साल मतलब बीस साल," दुबेजी म्हणाले. मग त्यांनी आवाज जरा खाली आणला. "एक बात बता दूँ? ऊपर से जो भी भरोगे, वो सीधा मूल में जाएगा. ब्याज उसको छुएगा नहीं. बस, मार्च से पहले भरना. साल का हिसाब मार्च में बनता है."

येताना बाबा सायकलवर बसलेच नाहीत. हातात धरून चालत राहिले आणि मी बाजूने. घमापूरच्या बाजारात शिंगाड्याच्या पिठाची पोती उतरवत होते, तिथे गर्दीत आम्ही थोडा वेळ अडकलो. तेव्हा ते एवढंच म्हणाले, "चार वर्षं मी तुझ्या आईला दिवाळीला खोटा आकडा सांगत होतो."

घरी आल्यावर बाबांनी आईला सगळं सांगितलं. काही लपवलं नाही. आई पोळ्या लाटत होती. ती लाटायची थांबली नाही, पण तव्यावरची पोळी जळली. वीस वर्षांचे किती होतात, असं तिने मला विचारलं. मी सांगितलं, दोन लाख एकेचाळीस हजार सहाशे ऐंशी. "म्हणजे तीन घरांचे पैसे," ती म्हणाली, "आणि राहायला एक." मग ती माझ्याकडे वळून म्हणाली, "तू ते कागद वाचले नसते तर काय झालं असतं?" हे ती रागाने म्हणाली नव्हती. तिला खरंच जाणून घ्यायचं होतं.

आता मी जे सांगणार आहे ते मला सगळ्यात जड जातं. त्यानंतरचे दोन दिवस मी आनंदात होते. घरात कुणी नीट जेवत नव्हतं, आणि मी पडवीत पाठकोऱ्या कागदांवर आकडेमोड करत बसले होते. दुबेजींचं ते वाक्य माझ्या डोक्यातून जात नव्हतं. वरचं जे भराल ते थेट मुद्दलात. मी एकेक वर्षाचं कोष्टक मांडलं. वर शंभर भरले तर काय, दोनशे भरले तर काय, असं करत गेले. आणि पाचशेला मला ते दिसलं. महिन्याला पाचशे रुपये जास्त भरले तर उरलेली सोळा वर्षं सातसुद्धा राहत नाहीत. सत्तर हजारांहून जास्त रुपये वाचतात. पुस्तकातलं गणित पहिल्यांदाच माझ्या हातात जिवंत झालं होतं. वर्गात कुणाला न सुटलेलं उदाहरण आपल्याला सुटावं तसं मला वाटत होतं. मी उड्या मारत बाबांकडे गेले.

त्यांनी कागद घेतला, खिशातली पेन्सिल काढली आणि पहिल्या ओळीपासून तपासायला लागले. फॅक्टरीत तपासत असतील तसंच, घाई न करता. शेवटच्या ओळीला आले तेव्हा त्यांनी विचारलं, "चूक नाही ना यात?"

"नाही बाबा. तीनदा केलं."

"पाचशे आणायचे कुठून?" आई म्हणाली.

"बघतो," बाबा म्हणाले, आणि कागदाची घडी करून वहीत ठेवली.

जून लागला तसं त्यांनी तपासणीचं टेबल सोडलं आणि स्वतः अर्ज करून हातोड्यांच्या शेडमध्ये बदली मागून घेतली. तिथे तापून लाल झालेलं लोखंड यंत्राच्या हातोड्याखाली धरतात. हातोडा माणसापेक्षा उंच. तिथे नगावर पैसे मिळायचे आणि ओव्हरटाइम मागाल तेवढा. चाळिशी ओलांडलेला तपासनीस तिथे कशाला आला, म्हणून पहिल्या दिवशी लोक बघायला आले होते म्हणे. पहिल्या महिन्यात बाबा घरी येऊन जेवायला बसले की घास तोंडापर्यंत नेताना त्यांचा हात थरथरायचा. बोलायचे ते ओरडून, आणि आई म्हणायची, "अहो, मी इथेच आहे." मग ते दचकून आवाज कमी करायचे. कानात घालायचे बोळे तिथे मिळत असत. बाबा ते वापरत नव्हते. "बोळे घातले की शेजारच्याचा इशारा ऐकू येत नाही," ते म्हणाले, "काम मागे पडतं." काम मागे पडलं की नग कमी, आणि नग कमी झाले की पाचशे होत नसत.

पण पाचशे होत राहिले. दर मार्चच्या आधी सहा हजार रुपये दुबेजींच्या टेबलावर जात होते, आणि एप्रिलमध्ये आलेलं पाकीट आता बाबा स्वतः फोडून माझ्याकडे देत. मी माझ्या कोष्टकाशी ताडून पाहायची. रुपया-दोन रुपयांचा फरक निघायचा. मला अभिमान वाटायचा. दिवाळीला आता खरा आकडा सांगितला जायचा. मी बी.एस्‌सी. झाले, एम.एस्‌सी. झाले. ताईचं लग्न नागपुरात साधेपणाने झालं. आणि या सगळ्यात रेडिओचा आवाज दर वर्षी थोडा थोडा वाढत गेला. बाबा 'काय?' असं जास्त विचारायला लागले, मग विचारायचे कमी झाले आणि नुसती मान हलवायला लागले. गणपतीत मराठी मंडळाच्या कार्यक्रमाला ते पहिल्या रांगेत बसायचे. एका वर्षी म्हणाले, तुम्ही जा, मला कंटाळा येतो. आईचा आवाज वाढला. आमच्या घरात रोज भांडणं होतात, असं नवीन शेजाऱ्यांना वाटायचं. आम्ही यावर हसायचोसुद्धा. बाबांना कमी ऐकू येतं, वय झालं, असं आम्ही म्हणायचो. वय काय होतं, पन्नाशीसुद्धा नव्हतं.

कर्ज अकराव्या वर्षी फिटलं. बाबा घराची कागदपत्रं घेऊन आले तो शनिवार होता. ताई तिच्या सहा महिन्यांच्या मुलीला घेऊन आली होती. आईने पुरण घातलं होतं. बाबांनी कागदपत्रं देवापुढे ठेवली, नमस्कार केला आणि पुढच्या खोलीत चटईवर वर्तमानपत्र घेऊन बसले. ताईने मुलीला त्यांच्या शेजारी दुपट्यावर निजवलं आणि आम्ही तिघी पोळ्यांच्या नादात स्वयंपाकघरात होतो. थोड्या वेळाने मुलगी रडायला लागली. बाबा आहेत म्हणून कुणी उठलं नाही. रडणं वाढलं, मग पोर किंचाळायला लागली, श्वास धरून, आणि आम्ही तिघी एकदमच धावलो.

मुलगी पालथी पडून तिचं तोंड दुपट्याच्या घडीत गेलं होतं. चेहरा जांभळा झाला होता. बाबांच्या मांडीपासून ती हातभर अंतरावर होती. बाबा वर्तमानपत्र वाचत होते. त्यांनी शांतपणे पान उलटलं, आणि मग आम्हाला तिघींना दारात पाहून हसले. "झाल्या का पोळ्या?" त्यांनी विचारलं.

ताईने मुलीला उचललं. काही झालं नव्हतं, दोन मिनिटांत ती शांत झाली. पण आमच्या चेहऱ्यांकडे पाहता पाहता बाबांच्या लक्षात आलं. त्यांनी आधी मुलीकडे पाहिलं, मग दुपट्याकडे. "रडत होती?" ते म्हणाले. मग त्यांनी वर्तमानपत्राची घडी घातली आणि उठून मागच्या पडवीत गेले. त्या दिवशी पुरणपोळ्या तशाच राहिल्या.

पुढच्या आठवड्यात मी आणि आई त्यांना कानाच्या डॉक्टरकडे घेऊन गेलो. डॉक्टरांनी त्यांना एका लहानशा खोलीत बसवून तपासलं, कागदावर आलेख काढून दाखवला. उजवा कान जवळजवळ गेलेला, डाव्यात थोडं शिल्लक. यंत्र लावून आवाज मोठा होईल, पण शब्द कळतीलच असं नाही, आणि गेलेलं परत येणार नाही. किती वर्षं या आवाजात काम केलं, असं त्यांनी विचारलं. मी सांगितलं, सात. बाहेर बाकावर बसलो होतो तेव्हा आई माझ्याकडे वळली. "किती वाचले म्हणाली होतीस गं तू?"

"सत्तर हजार."

तिने मान हलवली, जणू भाजीवाल्याने भाव सांगितला. पुढे ती या विषयावर माझ्याशी कधीच बोलली नाही.

मी पंचवीसेक वर्षं जबलपुरातच एका शाळेत गणित शिकवलं. चक्रवाढ व्याजाचं प्रकरण आलं की मी मुलांना पुस्तकातलं उदाहरण बाजूला ठेवायला सांगायची आणि फळ्यावर लिहायची, ऐंशी हजार, चौदा टक्के, वीस वर्षं. पहिल्या वर्षी मुद्दल किती फिटतं, याचा मुलं अंदाज करायची. कुणी चार हजार म्हणायचं, कुणी दोन. आठशे चौऱ्याऐंशी लिहिलं की मुलं वहीत पुन्हा गुणाकार करून बघायची. मग मी वरचे पाचशे कसे काम करतात ते दाखवायची, आणि मुलं खूश व्हायची, मी झाले होते तशीच. ते पाचशे कुठून येतात, असं एकाही मुलाने मला कधी विचारलं नाही. विचारलं असतं तर मी काय सांगितलं असतं, कोण जाणे.

बाबा निवृत्त झाल्यावर त्यांच्याशी बोलायला घरात पाठकोऱ्या कागदांचा गठ्ठा ठेवलेला असायचा. आम्ही लिहायचो, ते मोठ्याने उत्तर द्यायचे. एका थंडीत, सकाळी, आई देवळात गेली होती आणि आम्ही दोघं मागच्या अंगणात उन्हात मटार सोलत बसलो होतो. मनात काही ठरवलेलं नव्हतं. मी एक कागद ओढला आणि लिहिलं, "बाबा, ते पाचशेचं गणित मी केलं नसतं, तर तुमचे कान गेले नसते. मला माफ करा."

त्यांनी कागद हातभर लांब धरून वाचला. पुन्हा वाचला. मग त्यांनी दाराकडे पाहिलं, आई आली तर नाही ना म्हणून. त्यांना आवाज खाली आणायचा होता, पण स्वतःचा आवाज ऐकू येत नसल्यामुळे तो इतका खाली गेला की मला त्यांच्या तोंडाशी वाकावं लागलं.

"दुसऱ्याच वर्षी सांगितलं होतं मला," ते म्हणाले. "फॅक्टरीच्या डॉक्टरनं. म्हणाला, आता जागा बदलून घ्या, आहेत तेवढे कान राहतील."

मी लिहायचं विसरून तोंडानेच म्हटलं, "मग?"

त्यांना ओठांवरून कळलं. "मग काय. पाच वर्षं राहिली होती. तुझाच कागद काढून बसलो. जुन्या टेबलावर गेलो असतो तर रिटायर होईपर्यंत हप्ता होता. मधे मला काही झालं असतं तर तुझ्या आईनं काय केलं असतं? ब्लाउज शिवून भरला असता?" त्यांनी एक शेंग फोडली, दाणे ताटलीत टाकले. "तू गणित बरोबर केलं. त्याच्या पुढचं मी केलं. पाहून, समजून केलं. ते आता तू तुझ्या नावावर घेऊन नको राहू."

त्यांनी माझा तो कागद घेतला, चार तुकडे केले आणि खिशात ठेवले.

"आणि आईला सांगू नको," ते म्हणाले. "तिला वाटतं, कान जाऊन राहिले हे मला कळलंच नाही. मला माहीत होतं हे तिला कळलं, तर तिला या घरात राहता येणार नाही."

बाबा त्यानंतर सहा वर्षं होते. त्यांच्यामागे आई आणखी नऊ वर्षं त्या घरात राहिली. फरशी बसवून घेतली, फ्रीज आणला, नागपूरला मात्र आठ दिवसांच्या वर कधी टिकली नाही, घर उघडं पडतं म्हणायची. गेल्या पौषात ती गेली, म्हणून आता हे लिहायला हरकत नाही. शेवटपर्यंत कुणीही भेटायला आलं आणि बाबांचा विषय निघाला की ती सांगायची, "ह्यांना कळलंच नाही हो. हळूहळू गेले ना कान, आम्हालाही कळलं नाही आणि ह्यांनाही नाही." मी तिच्या शेजारी बसलेली असायची. "हो ना गं मंजू?" ती विचारायची, आणि मी हो म्हणायची.